एदो काळातलं जपान: वरच्या-खालच्या थरांतलं प्रेम नेमकं कुठे अडायचं?

तळटीप
जपानी चित्रपटांवरच्या चर्चेत ‘सामुराई आणि शेतकऱ्याची पोर, समाज आडवा आला, दोघं मेली’ एवढ्यावर विषय आटोपतो. तो एवढा सरळ नाही, म्हणून हा वेगळा धागा.

आधी ती चार पायऱ्यांची उतरंड बाजूला ठेवू: सामुराई, शेतकरी, कारागीर, व्यापारी. ‘शि-नो-को-शो’ हा शब्द चिनी ग्रंथांतून आलेला. तोकुगावा राजवटीत, म्हणजेच एदो काळात (१६०३ ते १८६८) कारभार चालायचा तो वेगळ्याच रेघांवर. एकीकडे तलवार बाळगणारे बुशी, म्हणजे सामुराई, दुसरीकडे गावातले ह्याकुशो आणि शहरातले चोनिन. या शेवटच्या दोघांत वरखाली असं फारसं नव्हतं, आणि जपानी शालेय पुस्तकांनीही ती चार पायऱ्यांची शिडी आता सोडून दिली आहे. या सगळ्यांच्या बाहेर एता आणि हिनिन, म्हणजे अस्पृश्य मानलेले. ती मात्र खरी भिंत.

भिंतीच्या आतल्या रेघा कागदावर ओलांडता यायच्या. सामुराई घरात व्यापाऱ्याची मुलगी सून म्हणून आणायची तर ती आधी एखाद्या सामुराई कुटुंबात दत्तक जायची. त्या नावापुरत्या आईबापाला ‘कारि-ओया’ म्हणत. दत्तक झाली की कागदोपत्री बरोबरीची, मग लग्न. तोकुगावा राजवट संपवणाऱ्या मेइजी क्रांतीतला मोठा पुढारी किडो ताकायोशी याची बायको क्योतोची गेइशा, इकुमात्सु. चोशू संस्थानातल्या एका सामुराई घराण्याची दत्तक मुलगी होऊन ती मात्सुको झाली आणि रीतसर पत्नी म्हणून नांदली.

थोडक्यात, वाट होती. पण तिच्या प्रत्येक वळणावर कुणीतरी वरचा माणूस शिक्का घेऊन बसलेला. दाइम्योंनी (संस्थानिकांनी) आपापसांत परस्पर सोयरिकी जुळवू नयेत हे १६१५ च्या ‘बुके शोहात्तो’तच, म्हणजे सामुराई घराण्यांसाठीच्या नियमावलीत, बजावलं होतं. साध्या सामुराईला धन्याची परवानगी, गुमास्त्याला मालकाची, मुलीला बापाची. प्रेमात पडलेली माणसं मरायची ती हा शिक्का मिळण्याची आशा संपली की.

हिशेबनीस
मुद्दा पटला. दुकानातली बाजू मी मांडतो, कारण गाजलेल्या प्रेमकथांतले नायक बहुतेक दुकानातले नोकर आहेत.

ओसाकाच्या पेढीवर पोरगा दहा-बारा वर्षांचा असताना ‘देच्ची’ म्हणून लागायचा. पगार नाही. जेवण, राहणं आणि वर्षातून दोनदा कपडे. सुट्ट्याही दोनच: पहिल्या महिन्याची सोळावी आणि सातव्या महिन्याची सोळावी. सतरा-अठराच्या सुमारास ‘तेदाई’, म्हणजे आपल्याकडचा गुमास्ता. पुढे निभावला तर तिशीच्या आसपास ‘बान्तो’, म्हणजे मुनीम. बिऱ्हाड थाटायचं ते त्यानंतर, मालकाने बाहेर राहायची मोकळीक दिली किंवा दुकानाचं नाव वापरून स्वतःची शाखा काढू दिली की. तोवर झोपणं दुकानाच्याच माळ्यावर. पंचविशीतल्या तेदाईला लग्नाची सोयच नव्हती, मुलगी कुठल्या का घरातली असेना.

गंमत अशी की याच पेढ्यांमध्ये मालकाची मुलगी हुशार मुनिमाला देऊन त्याला घरजावई करून घेणं हा शहाणपणाचा व्यवहार मानला जाई. नालायक मुलाच्या हाती दुकान जाण्यापेक्षा पारखलेला जावई बरा. तोच नोकर, तीच मुलगी. मालकाने जुळवलं तर वारसा, दोघांनी आपलं आपण जुळवलं तर फौजदारी.

सोनचाफा
वाचनखूण साठवली. एक शंका. चिकामात्सुच्या नाटकातलं सोनेझाकीचं प्रकरण, जोडीने मरणाऱ्या प्रेमिकांचं, त्यात तोकुबेईला मालक स्वतःच मुलगी देत होता ना? मग अडलं कुठे?

हिशेबनीस
@सोनचाफा, तिथेच खरी मेख आहे. जरा सविस्तर लिहितो, कारण सारांशांमधून हिशेब गळतो आणि हिशेब गेला की नाटकच कळत नाही.

घटना खरी आहे. १७०३ साली जुन्या पंचांगाच्या चौथ्या महिन्याच्या सातव्या तारखेला (इंग्रजी २२ मे) ओसाकात सोय सॉसच्या दुकानाचा तेदाई तोकुबेई आणि दोजिमातल्या तेन्माया या वेश्यागृहातली गणिका ओहात्सु सोनेझाकीच्या रानात मेलेली सापडली. बरोबर महिन्याने, पाचव्या महिन्याच्या सातव्या तारखेला, नाटककार चिकामात्सु मोन्झाएमोनचं बाहुलीनाट्य ताकेमोतो-झा रंगमंचावर उभं होतं. त्या एका खेळावर कर्जात बुडालेलं नाटकघर सावरलं.

नाटकातला व्यवहार असा. हिरानोयाचा मालक तोकुबेईचा काका. तो आपल्या बायकोची भाची तोकुबेईला देऊ करतो, सोबत २ कान चांदी. तोकुबेई नाही म्हणतो, पण गावाकडच्या सावत्र आईने ती चांदी परस्पर घेऊनही टाकलेली असते. काका चिडतो: सात तारखेपर्यंत रक्कम परत कर आणि ओसाका सोड.

एक कान म्हणजे १००० मोम्मे, आजच्या मापात पावणेचार किलो. म्हणजे साडेसात किलो चांदी. त्या काळच्या सरकारी दराने, १ र्‍यो सोन्याला ६० मोम्मे धरून, सुमारे ३३ र्‍यो. पगार नसलेल्या गुमास्त्याने हे आणायचं कुठून? तो सावत्र आईकडून चांदी सोडवून आणतो हेच मोठं. आणि इथे माती खातो. कुहेइजी नावाचा तेलाचा व्यापारी, दोस्त, ‘तीन तारखेला देतो’ म्हणून ती सगळी चांदी उसनी नेतो.

लेखी आहे का? आहे. पण मजकूर तोकुबेईच्या हस्ताक्षरातला, कुहेइजीने फक्त शिक्का उमटवलेला. कागदावरची तारीख गेल्या महिन्याची अठ्ठावीस. आणि कुहेइजीने शिक्का हरवल्याची वर्दी दिलेली पंचवीस तारखेची! भर रस्त्यात तो म्हणतो, शिक्का तुलाच सापडला, तूच लिहिलंस, तूच उमटवलंस. कागद दाखवावा तर बनावट शिक्क्याचा आरोप अंगावर, आणि त्याची शिक्षा मुंडकं टांगणं. पुरावा जितका पक्का तितका तोकुबेई अधिक अडकतो.

आता तुमच्या प्रश्नाचं उत्तर. त्याच्याकडे शहरात राहायचा हक्क नाही, मालक नाही, पत नाही. ओहात्सुला सोडवणं दूरच, तिला भेटायला जाण्याइतकाही तो आता कुणी नाही.

उंबरठा
पळून का जात नसत? एवढा देश पडला होता.

तळटीप
@उंबरठा, पळत असत. टिकत नसत. प्रत्येक माणूस कुठल्यातरी देवळाच्या आणि गावाच्या नोंदवहीत असे. ‘मी ख्रिस्ती नाही’ हे दाखवण्यासाठी सुरू झालेली ही वही, पुढे तीच जनगणना आणि ओळखपत्र झाली. नाव खोडलं गेलं की माणूस ‘मुशुकु’, बेघर-बेनोंद. नव्या गावात खोली द्यायला, कामाला ठेवायला जामीन लागे, आणि जामीन राहणारा स्वतः गोत्यात येई. हमरस्त्यांवर नाकी होती. हाकोनेसारख्या नाक्यावर बायकांना वेगळा परवाना लागे आणि बायकांची झडती बायकाच घेत.

एदो (आजचं टोक्यो) शहरातल्या योशिवारा या वेश्यावस्तीतून निघणं तर आणखी अवघड. १६५७ च्या आगीनंतर ही वस्ती आसाकुसाच्या मागे हलवली. भोवती खंदक, ये-जा करायला एकच मोठा दरवाजा, आणि त्याच्या आत उजव्या हाताला पहारेकऱ्यांची चौकी. पुरुष खुशाल यायचे-जायचे. बाईला, मग ती तिथली असो वा बाहेरून आलेली, चिठ्ठी दाखवल्याशिवाय बाहेर पडता येत नसे.

हिशेबनीस
आणि कर्ज विसरू नका. मुलगी विकली असं कागदावर कुठेच नसे. बाप आगाऊ रक्कम उचलायचा आणि मुलगी साधारण दहा वर्षांच्या कराराने ‘नोकरीला’ लागायची. पुढे तिचे कपडे, अंथरूण, केशभूषा, हाताखालच्या छोट्या मुलींचा खर्च, सगळं तिच्याच खात्यावर. मुद्दल फिटायच्या ऐवजी फुगायचं. मुदतीआधी सोडवायची तर ‘मिउके’: उरलेलं कर्ज, मालकाचा बुडालेला नफा आणि निरोपाची मेजवानी. १७७५ साली तोरियामा केन्ग्यो या आंधळ्या सावकाराने योशिवारातल्या सेगावाला सोडवलं ते १४०० र्‍यो मोजून. हे टोकाचं उदाहरण, पण भाव कोण ठरवायचं हे त्यातून दिसतं.

दुसरं टोक पाहा. चिकामात्सुच्या ‘शिंजू तेन नो आमिजिमा’त कागदाचा व्यापारी जिहेई. गणिका कोहारुला दुसऱ्या गिऱ्हाइकाच्या हातून वाचवायला निदान इसार म्हणून ७५० मोम्मे चांदी हवी. ती कोण उभी करतं? त्याची बायको ओसान! साठवलेले ४०० मोम्मे ती पुढे करते, आणि उरलेल्या ३५० साठी स्वतःचे आणि मुलांचे कपडे गहाण ठेवायला गाठोड्यात बांधते. तेवढ्यात सासरा दारात. गाठोडं उघडतो, कपाटं रिकामी पाहतो आणि मुलीला हाताला धरून माहेरी नेतो. दुकानदाराच्या घरातलं हे दृश्य मला रानातल्या शेवटापेक्षा जास्त लागतं.

कलमकसाई
कायद्याचं राहिलं. १७४२ च्या ‘कुजिकाता ओसादामेगाकी’ या सरकारी कायदेसंहितेतली कलमं बघितली की धागाकर्त्यांचा मुद्दा आरशासारखा स्वच्छ दिसतो.

नोकर-मोलकरीण यांचं जुळलं: मालकाच्या ताब्यात द्या, तो बघेल. नोकर आणि मालकाची मुलगी: नोकराला मधल्या दर्जाची हद्दपारी, मुलीच्या हातात बेड्या घालून तिला आईबापाच्या हवाली. नोकर आणि मालकाची बायको: नोकराची गावभर धिंड आणि मुंडकं टांगणं, बाईलाही मृत्युदंड. म्हणजे कृत्य तेच, शिक्षा चढत जाते ती मालकाचं किती ‘नुकसान’ झालं त्यावर.

जोडीने मरण्याचं कलम त्याहून बोलकं आहे. दोघं मेली तर प्रेतं टाकून द्यायची, अंत्यविधी करायचा नाही. एक वाचलं तर ते खुनी धरून देहदंड. दोघं वाचली तर तीन दिवस भर रस्त्यात लोकांसमोर बसवायचं (एदोत निहोनबाशी पुलाशी) आणि मग हिनिनांच्या ताब्यात द्यायचं, म्हणजे माणसांच्या यादीतूनच बाहेर. आता पोटकलम वाचा: मालक आणि मोलकरीण जोडीने मरू पाहिले आणि मालक वाचला, तर? देहदंड नाही. त्याला फक्त हिनिन करायचं. मोलकरणीच्या जिवाची किंमत मालकाच्या जिवाएवढी नाही, हे कायद्याने चक्क लिहून ठेवलं आहे.

सोनचाफा
बाप रे. पण १७०३ च्या नाटकानंतर कायद्याला चाळीस वर्षं लागली?

कलमकसाई
नाही, बंदी आधीच आली. नाटकं बघून तसं करणाऱ्यांचं पेव फुटलं, निदान सरकारची तशी खात्री झाली. १७२२-२३ मध्ये शोगुन (तोकुगावा राज्यकर्ता) योशिमुनेच्या काळात अशा घटनांवर नाटकं आणि छापील पत्रकं काढायला मनाई झाली. शब्दसुद्धा बदलला. जोडीने मरण्याला लोक ‘शिंजू’ म्हणत, म्हणजे ‘मनाच्या आतलं’. त्याऐवजी सरकारी दप्तरात ‘आइताइजिनि’, ‘आपसात ठरवून मरणं’. शिंजूची दोन अक्षरं एकाखाली एक, ‘आत’ वर आणि ‘मन’ खाली अशी जोडली की ‘स्वामिनिष्ठा’ हे अक्षर होतं. धन्यासाठी राखून ठेवलेला शब्द वेश्येपायी मरणाऱ्यांना कशाला, असा राग त्यामागे होता असं सांगतात.

सामुराईही सुटले नाहीत. १७८५ मध्ये ४००० कोकुचा (कोकु हे तांदळाच्या उत्पन्नाचं माप) हातामोतो, म्हणजे शोगुनाचा थेट सामुराई, फुजिएदा गेकी योशिवारातल्या आयागिनुबरोबर मेला. सरकारने घराणंच खालसा केलं. लोकांनी मात्र ‘पाच हजार कोकु घेऊ की तुझ्यापाशी निजू’ अशा अर्थाचं गाणं केलं. हजार कोकु गाण्यात फुकट वाढवून मिळाले.

मोरपंखी
अवांतर नाही म्हणून लिहिते. शिंजूचा मूळ अर्थ मरण नव्हताच. आधी तो ‘मन उघडून दाखवणं’ असा होता. गिऱ्हाइकाला आपण खोटं बोलत नाही हे पटवायला गणिका काय काय करत त्याची चढती यादीच होती: शपथपत्र, केस कापून देणं, प्रियकराचं नाव गोंदणं, नख उपटून देणं, करंगळीचं पेर कापणं. शपथ लिहायची ती कुमानोच्या देवस्थानाच्या कावळेछाप कागदाच्या पाठीवर. शपथ मोडली की कुमानोत तीन कावळे मरतात अशी समजूत. धंद्यापायी अशी शपथपत्रं गठ्ठ्याने लिहिली जायची, तेव्हा कावळ्यांचं काय झालं असेल ते असो. शब्द, केस, नख, बोट, आणि या यादीच्या टोकाला जीव. ज्यांच्याकडे स्वतःचं म्हणून शरीराखेरीज काहीच नव्हतं त्यांचा हा पुरावा. शिक्का बनावट निघू शकतो, हा नाही.

बाहुलीघर
ओहात्सुच्या पायाबद्दल कुणीच लिहिलं नाही!

बुनराकु या जपानी बाहुलीनाट्यात स्त्री-बाहुलीला पाय नसतात. तीन जण एक बाहुली चालवतात. मुख्य माणूस डोकं आणि उजवा हात, दुसरा डावा हात, तिसरा पाय. बाहुली बाईची असली की पायवाला किमोनोची कड आतून मुठीत धरून अशी हलवतो की चाल भासते, बसली की गुडघे भासतात. पण तेन्मायाच्या प्रसंगात तोकुबेई ओसरीच्या जोत्याखाली लपलेला आहे आणि वर कुहेइजी त्याची निंदा करतोय. ओहात्सु ओसरीच्या कडेला बसून, जणू स्वतःशीच, ‘त्याची मरायची तयारी आहे का, कळायला हवं’ म्हणते आणि पाय खाली सोडते. तोकुबेई तो घोटा धरून स्वतःच्या गळ्यावरून फिरवतो. हो, मरेन. वर बसलेल्यांना पत्ता नाही.

पायाशिवाय हे दाखवणार कसं? १९५५ साली बुनराकुत हे नाटक पुन्हा उभं राहिलं तेव्हा ओहात्सुसाठी खास एक पाय करून बसवला. पांढरा, छोटासा, अनवाणी, फक्त त्या प्रसंगापुरता. किमोनोच्या काळोखातून तो बाहेर येतो तेव्हा प्रेक्षागृहात सगळ्यांची नजर त्या वीतभर लाकडावर खिळते. चिकामात्सुच्या वेळी एक बाहुली एकच माणूस चालवत असे. तीन माणसांची पद्धत १७३४ ची.

उंबरठा
हे वाचून व्हिडिओ शोधायला पळालो. ओनात्सु-सेइजुरोचं पण लिहा ना कुणीतरी.

मोरपंखी
थोडक्यात. हिमेजीच्या व्यापाऱ्याची मुलगी ओनात्सु, दुकानातला नोकर सेइजुरो. लेखक साइकाकुने १६८६ च्या ‘पाच प्रेमवेड्या स्त्रिया’त ती कथा अजरामर केली. दोघं शिकामा बंदरातून ओसाकाला जाणाऱ्या होडीत बसतात. होडी सुटते, आणि एक डाकवाला ओरडतो: पत्रांची पेटी मुक्कामी विसरली! होडी मागे फिरते. किनाऱ्यावर शोधायला आलेली माणसं उभीच. त्यात दुकानातले ७०० र्‍यो गायब, आळ सेइजुरोवर, त्याचा शिरच्छेद. पैसे नंतर घरातच सापडतात. ओनात्सुचं डोकं फिरतं, पुढे ती जोगीण होते. चोरीचा आळ काढून टाका, शिक्षा हद्दपारीवर भागली असती. कलमकसाईंनी वर दिलंय तेच, कायदा नंतर लेखी झाला तरी.

खडूफळा
मेइजीनंतर सगळं सुरळीत झालं असं कुणाला वाटू नये म्हणून चार ओळी. १८७१ मध्ये सरदार घराण्यांपासून सामान्यांपर्यंत कुणीही कुणाशी लग्न करावं अशी मोकळीक मिळाली, त्याच महिन्यात एता-हिनिन ही नावंही रद्द झाली. पण १८९८ च्या नागरी कायद्याने तो शिक्का पुन्हा घरात आणला. लग्नाला कुटुंबप्रमुखाची संमती, शिवाय पुरुष तिशीचा आणि स्त्री पंचविशीची होईपर्यंत आईबापाची. शोगुनाच्या काळात जे सामुराई घरांचं होतं ते सगळ्या देशाला लागू! ‘दोघांच्या संमतीनेच विवाह’ हे शब्द आले ते १९४७ च्या राज्यघटनेच्या चोविसाव्या कलमात.

भिंतीबाहेरच्यांचं वेगळंच. १९३३ साली ताकामात्सुच्या कोर्टाने एका बुराकु (जुन्या भिंतीबाहेरच्यांच्या वंशातल्या) तरुणाला आणि त्याच्या भावाला, मुलीपासून आपला जन्म लपवला म्हणून ‘विवाहासाठी अपहरण’ या गुन्ह्यात शिक्षा ठोठावली. मुक्तीचा हुकूम निघून बासष्ट वर्षं झाली होती. सुइहेइशा या बुराकुंच्या संघटनेने देशभर रान उठवलं. १९७५ मध्ये बुराकु वस्त्यांच्या पत्त्यांची चोरटी यादी उघडकीला आली. ती कंपन्या विकत घेत होत्या. लग्नाआधी गुप्तहेर लावून समोरच्याचं मूळ गाव काढणं हाही धंदाच होता. पुढच्या वर्षी कुटुंब-नोंदवही कुणालाही चाळता येणं बंद झालं.

उंबरठा
म्हणजे आपल्या जातीसारखंच की.

तळटीप
@उंबरठा, भिंतीबाहेरच्यांपुरतं साम्य आहे: चामडं, मेलेली जनावरं, विटाळाची कल्पना. आतल्यांसाठी नाही. दत्तक घेतल्याने जात बदलून सोयरीक जमली, असं आपल्याकडे कुठे होतं? त्या तुलनेला स्वतंत्र धागा हवा, इथे नको.

सोनचाफा
शेवटची शंका. सोनेझाकीच्या रानाकडे जाताना तोकुबेई-ओहात्सु पहाटेची घंटा ऐकतात, सातातले सहा टोले झाले, एक उरला. सात वाजता तर लख्ख उजाडलेलं असेल ना?

बाहुलीघर
@सोनचाफा, आपले सात नव्हेत. दिवसाचे सहा आणि रात्रीचे सहा असे भाग, ऋतूप्रमाणे लांबीला कमीजास्त. टोले मध्यरात्री नऊ, मग आठ, सात, आणि उजाडताना सहा. उलटे. नवाचा पाढा म्हणा: नऊ, अठरा, सत्तावीस, छत्तीस, दशक सोडून एककच वाजवायचा. सात म्हणजे पहाटेच्या आधीचा भाग. उन्हाळ्याच्या तोंडाची आखूड रात्र, पुढची घंटा सहाची, आणि त्या घंटेला दुकानांच्या फळ्या उघडतात.